आटपाट नगरातला नैवेद्य

आजचा विषय जाहीर झाला तेव्हा दोघातिघांनी मला विचारलं, ‘सर, तत्त्वज्ञान संपलं का? आता पाककला?’ संपलेलं नाही. अस्तित्वात नसलेल्या संस्कृतीतला सणाचा पदार्थ हा आजचा विषय आहे, आणि अस्तित्वात नसलेल्या गोष्टींबद्दल तासन्‌तास बोलण्याचा परवाना आम्हा तत्त्वज्ञानवाल्यांकडे फार जुना आहे.

हा विषय सुचवला आपल्याच एका तरुण श्रोत्यानं. तो कल्पित जगांच्या कादंबऱ्या वाचतो, तसले खेळ खेळतो. त्याचं म्हणणं असं की लेखक नवा देश रचतो तेव्हा नकाशा काढतो, राजांची वंशावळ देतो, भाषा घडवतो. आणि त्या देशाचा सण आला की ताट मांडावंच लागतं. मग त्या ताटातला पदार्थ कधी खरा वाटतो, कधी कागदी. असं का?

माझं उत्तर आधीच सांगून टाकतो, म्हणजे मधे कुणाला डुलकी लागली तरी चुकामूक व्हायची नाही. कल्पित पदार्थ खरा वाटतो तो वर्णनामुळे नाही. त्यात केशर होतं की वेलची, तो सोन्याच्या ताटात वाढला की पानावर, यानं फार फरक पडत नाही. तो कुणाच्या घासातून आला, कुणी मागितला, कुणाला मिळाला नाही, हा हिशेब लेखकानं ठेवला असेल तर पदार्थ खरा. पदार्थ कल्पित चालेल, भूक कल्पित चालत नाही.

आता या कसोटीवर पहिलं नाव टॉल्किनचं घेऊ. 1954-55 साली आलेल्या ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये एल्फ लोकांची लेंबास नावाची भाकरी आहे. पानांत गुंडाळलेली, एक खाल्ली की दिवसभराची चाल निभते. प्रवासाला निघालेल्यांना ती निरोपाची भेट म्हणून मिळते. सुंदर कल्पना आहे, आणि पुढे ओसाड मुलखात तीच भाकरी मोजून खावी लागते तेव्हा ती फार खरी होते. पण ती दळली कुणी, भाजली कुणी, ते हात कादंबरीत दिसत नाहीत. एल्फांच्या राज्यात जात्याची घरघर ऐकू येत नाही.

मार्टिन या बाबतीत जास्त सावध लेखक आहे. त्याच्या ‘अ स्टॉर्म ऑफ स्वोर्ड्‌स’मध्ये राजाच्या लग्नाला सत्त्याहत्तर पदार्थ आहेत. पण त्याच मेजावर बसलेल्या टिरियनला आठवतं की या शहरात मुलं अजून उपाशी आहेत. आदल्या खंडात भाकरीवरून त्याच शहरात दंगल झालेली आहे. ते सत्त्याहत्तर पदार्थ या एका आठवणीमुळे घशात अडकतात. पुढे 2012 साली या कादंबऱ्यांतल्या पदार्थांचं पाककृतींचं अधिकृत पुस्तक निघालं. त्या तरुण मित्रानं मला ते दाखवलं. छायाचित्रं झकास, लिंबाचे केक अगदी खावेसे वाटतात. पुस्तकाला नावं ठेवण्याचं कारण नाही, त्याचं काम ते चोख करतं. पण पाककृतीत साहित्य लिहिता येतं, कृती लिहिता येते. शहराची भूक कुठे लिहिणार? पदार्थ कादंबरीतून उचलला आणि ती आठवण मागे राहिली. कल्पित जगांच्या हल्लीच्या बऱ्याच मेजवान्या मला अशा उचललेल्या वाटतात.

हा प्रश्न आजचा नाही. प्लेटोच्या ‘रिपब्लिक’च्या दुसऱ्या भागात सॉक्रेटिस शब्दांतून एक नगर उभं करतो. घरं झाली, कपडे झाले, मग लोक खाणार काय? जव-गव्हाच्या भाकऱ्या, लव्हाळ्यावर नाहीतर स्वच्छ पानांवर मांडलेल्या. डोक्याला फुलांच्या माळा, देवांची गाणी, बेतानं वारुणी. लगेच ग्लॉकॉन म्हणतो, तोंडीलावणं कुठाय? सॉक्रेटिस म्हणतो, विसरलोच, मीठ देऊ, ऑलिव्ह देऊ, चीज देऊ, अंजीर, चणे, वाल देऊ. तरी ग्लॉकॉनचं समाधान नाही. तो म्हणतो, डुकरांचं नगर वसवलं असतंस तर त्यांना याहून वेगळं काय घातलं असतंस?

पुढचा भाग खरा मोलाचा. सॉक्रेटिस चिडत नाही. ठीक आहे म्हणतो, पलंग घ्या, मेज घ्या, अत्तरं, मिठाया घ्या. मग आचारी लागतील. जनावरं लागतील. वैद्य जास्त लागतील. आणि मग आहे ती जमीन पुरणार नाही, शेजाऱ्याची तोडून घ्यावी लागेल. म्हणजे लढाई. तोंडीलावण्यापासून लढाईपर्यंत दोनेक पानांत! कल्पित नगराच्या ताटाकडे बघून ‘याला जमीन किती लागेल?’ हे विचारणारा वाचक मला हवा आहे.

पण प्लेटोच्या नगरात एक उणीव आहे. तिथे जमीन मोजली जाते, रडणारं मूल दिसत नाही. ते बघायला आपल्याला अथेन्सहून परत घरी यावं लागेल, आटपाट नगरात.

हसू नका. आटपाट नगर हा मराठीतला सगळ्यांत जास्त वस्तीचा कल्पित देश आहे. नकाशा नाही, राजाला नाव नाही, नदीला नाव नाही; पण शेकडो वर्षं श्रावण-भाद्रपदात घरोघरी हातात अक्षता घेऊन लोक या नगराच्या बातम्या ऐकत आले. सी. ए. किंकेड नावाचे इंग्रज सनदी अधिकारी होते. त्यांनी या कहाण्या इंग्रजीत नेल्या, 1914 साली ‘डेक्कन नर्सरी टेल्स’ या नावानं पुस्तक निघालं, चित्रं आपल्या धुरंधरांची. त्यात किंकेडनी ‘आटपाट’ हे त्या शहराचं विशेषनाम धरलं: आटपाट नावाचं एक गाव होतं. मला हे फार आवडतं. आपण जो शब्द सवयीनं गिळून टाकतो त्यावर परक्या माणसानं बोट ठेवलं आणि एक देश तयार झाला.

या देशाच्या सणांचे पदार्थ बघू. पहिला घावन-घाटलं. कोकणच्या मंडळींना सांगायला नको, बाकीच्यांसाठी सांगतो. तांदळाच्या पिठाचं पातळ घावन, बिडाच्या तव्यावर जाळी पडलेलं. आणि नारळाच्या दुधात गूळ घालून, तांदळाची पिठी लावून आटवलेलं घाटलं, वर वेलची. ज्येष्ठागौरीच्या कहाणीत हा पदार्थ आहे. पण कहाणीत मी आत्ता सांगितलं त्यातलं काही नाही! ना जाळी, ना वेलची. कहाणीत आहे ते असं: भाद्रपद आला, घरोघर गौरी आल्या, गरीब ब्राह्मणाच्या पोरांनी ते रस्त्यात पाहिलं आणि आईकडे हट्ट धरला, आपल्याकडे आणा. आई म्हणते, आणून खायला काय घालू? बापाकडे जा. बापाकडे काही नाही. पोरांचा हट्ट पुरवता येत नाही म्हणून तो तळ्यावर जीव द्यायला निघतो.

थांबा इथे. सणाचा एक पदार्थ करता येत नाही म्हणून माणूस मरायला निघतो, आणि ही गोष्ट आपण सणाच्याच दिवशी, भरल्या ताटाशेजारी बसून वाचतो. टॉल्किनच्या सगळ्या एल्फांना मिळून हे सुचलेलं नाही. इथे पदार्थाची चव न सांगता त्याचं वजन सांगितलंय.

तळ्यावर त्याला एक म्हातारी भेटते, त्याच्याबरोबर घरी येते. पहिल्या रात्री मडक्यात निघतात त्या कण्या. आख्खा तांदूळसुद्धा नाही, कण्या. त्यांची पेज होते. कहाणी रचणाऱ्या बाईला (माझ्या मते ती बाईच) स्वयंपाकघर ठाऊक होतं. चमत्कारसुद्धा कण्यांपासून सुरू करावा, एकदम पुरणावर जाऊ नये. मग म्हातारी म्हणते, उद्या घावन-घाटलं कर. परवा म्हणते, खीर कर. खिरीला दूध हवं, तर गाईम्हशी येतात. मग ती निघते, आणि जाताना वाळू देते. घरभर, मडक्यांवर, गोठ्यात टाक म्हणते. टाकल्यावर सगळं समृद्ध होतं.

आता माझी तक्रार. कहाणीची सुरुवात जेवढी कठोर आहे तेवढा तिचा शेवट मऊ आहे. प्रश्न काय होता? सणानं घातलेली अट गरिबाला पेलत नाही. कहाणी अट हलवत नाही, गरिबाला श्रीमंत करते. मागणी तशीच, पुरवठा वाढला. पुढच्या वर्षी शेजारच्या घरची पोरं रडतील त्यांचं काय, ते कहाणी विचारत नाही. शिवाय कोकणपट्टीत अनेक घरांत गौरीला तिखटा नैवेद्य असतो, मटण असतं, खेकडे असतात. तिकडे मराठवाड्यात पुरणपोळी आणि सोळा भाज्या. छापील कहाणीनं एका घरचं ताट सगळ्यांच्या सणाचं माप करून टाकलं. आणि सण ज्यांच्या हातांवर उभा राहतो ते हात इथेही नाहीतच. पहाटेच्या गाडीनं फुलांच्या, भाजीच्या पाट्या घेऊन दादरला जाणाऱ्या आपल्या वसईच्या बायका डोळ्यांसमोर आणा. मुंबईच्या गौरीगणपतीचा निम्मा सण त्यांच्या डोक्यावरून जातो. आटपाट नगरात फुलं कुठून येतात हे कधी कळत नाही.

दुसरा पदार्थ थोडक्यात घेतो, कारण तो ऐकवत नाही. वसुबारसेची कहाणी. सासू शेतावर जाताना सुनेला सांगते, गव्हाळं-मुगाळं शिजवून ठेव. तिच्या मनात गहू आणि मूग. गोठ्यात दोन वासरं आहेत, गव्हाळी आणि मुगाळी. सून त्यांना कापून शिजवते. सासू जेवायला बसते आणि ताट बघून हादरते, देवाचा धावा करत बसून राहते. संध्याकाळी गाई हंबरत येतात, वासरं जिवंत होऊन आचळांशी धावतात.

या सुनेला वेडी म्हणायची पद्धत आहे. मला पटत नाही. तिनं शब्दाप्रमाणे वागलं. घरच्यांना जो शब्द दोन अर्थांनी ठाऊक आहे तो तिला एकाच अर्थानं ठाऊक होता, आणि ‘म्हणजे काय?’ हे विचारायची सोय नव्या सुनेला त्या घरात नव्हती. मी वाचलेल्या पाठात तिला शिक्षा होत नाही, हे कहाणीचं शहाणपण. आणि एक विलक्षण गोष्ट बघा: आटपाट नगरातला हा पदार्थ आपल्यापर्यंत न खाण्याच्या रूपानं पोचला. वसुबारसेला बायका गहू आणि मूग खात नाहीत. पुस्तकातला पदार्थ करून बघणारे वाचक जगात पुष्कळ आहेत. पुस्तकात तो एकदा चुकीचा शिजला म्हणून पिढ्यान्‌पिढ्या ताटातून वगळणारे वाचक मला दुसरीकडे माहीत नाहीत.

तिसरा पदार्थ म्हणजे नुसतं दूध. श्रावणी सोमवारची खुलभर दुधाची कहाणी. खुलभर म्हणजे अगदी थोडं, लहानशा भांड्यात मावेल एवढं.

राजाच्या मनात आलं, महादेवाचा गाभारा दुधानं भरावा. प्रधानानं युक्ती काढली, दवंडी पिटवली: सोमवारी प्रत्येकानं घरातलं सगळं दूध देवळात आणावं. लोक घाबरले. कुणी वासराला ठेवलं नाही, कुणी पोराला दिलं नाही. गावचं सगळं दूध गाभाऱ्यात पडलं आणि गाभारा भरला नाही. दुपारी एक म्हातारी घरचं आवरून आली. पोरांना घातलं होतं, सुनांना दिलं होतं, वासरांना पाजलं होतं. उरलेलं खुलभर दूध, गंध, बेलाची पानं. तिनं पूजा केली, दूध वाहिलं, आणि गाभारा भरला.

इथे कायदा कोण मोडतंय ते बघा. दवंडी होती सगळं दूध आणा. म्हातारीनं सगळं आणलेलं नाही. ती बंड करत नाही, देवळाकडे पाठ फिरवत नाही, भाषणही देत नाही. तिनं फक्त क्रम बदलला: आधी पोरं, मग सुना, मग वासरं, मग देव. दुपारी उशिरा येणं हाच तिचा सगळा गुन्हा. म्हणून पुढच्या सोमवारी राजा पहारा बसवतो, आणि त्याच्या पुढच्या सोमवारी स्वतः बसून राहतो, तिचा हात धरतो. चमत्कार करणारी बाई आधी संशयित ठरते! ती काय करते? आधी अभय मागून घेते, मगच बोलते. सांगते, तुझ्या हुकुमानं वासरांचे, पोरांचे आत्मे तळमळले, ते देवाला आवडलं नाही.

घावन-घाटल्याच्या कहाणीत जी अट हलली नव्हती ती इथे हलते. इथे पुरवठा वाढत नाही. दूध तेवढंच आहे, उलट कमी आहे. हुकूम बदलतो. पुढच्या सोमवारची दवंडी अशी की वासरांना पाजा, मुलांना द्या, मग उरेल ते आणा. कल्पित नगरातल्या नैवेद्याची याहून कडक समीक्षा मी वाचलेली नाही, आणि ती नैवेद्याच्याच पुस्तकात छापलेली आहे.

आता कुणी म्हणेल, सर, तुम्ही भाबड्या व्रतकथेला ओढूनताणून अर्थ लावताय. ठीक. मग 21 सप्टेंबर 1995 आठवा. त्या दिवशी देशभर गणपती दूध पितो म्हणून देवळांपुढे रांगा लागल्या. शास्त्रज्ञांनी पृष्ठताण सांगितला, केशाकर्षण सांगितलं, बरोबरच होतं. पण त्या दिवसानंतर झालेला वाद सगळा ‘देव पितो की पीत नाही’ एवढ्यावरच फिरला. खुलभर दुधाच्या कहाणीत तो प्रश्नच नाही. तिथे देव पितो हे गृहीत आहे, प्रश्न आहे कुणी प्यायचं राहिलं. श्रद्धाळूंनी तो विचारला नाही आणि आम्ही विवेकवाद्यांनीही विचारला नाही.

आणि तो प्रश्न आपल्यापासून लांब नव्हता. आज आपण ज्या पालघर जिल्ह्यात बसलोय तो 2014 साली झाला. त्याआधी हे सगळं ठाणे जिल्ह्यात. त्याच जिल्ह्यात, जव्हार तालुक्यात, 1992च्या सुमाराला वावर-वांगणीची मुलं कुपोषणानं गेली. नाव सगळ्या महाराष्ट्राला कळलं, तेव्हाचे मंत्री येऊन गेले, योजना निघाल्या, काही अजून चालू आहेत. वसईहून जव्हार काही तासांच्या रस्त्यावर आहे. श्रावणी सोमवारी इकडे आपण तीच कहाणी वाचत होतो. मी मुद्दाम ताणून जोडत नाहीये. कहाणीत ‘पोरांना दिलं नाही’ हे शब्दशः आहे, ते मी जोडलेलं नाही.

तरी ही कहाणी माझ्या तावडीतून पूर्ण सुटत नाही. दोन गोष्टी. एक, नवी दवंडीही दवंडीच आहे. राजा चांगला निघाला म्हणून निभावलं. पुढचा राजा कसा निघेल? दुसरी, मी वाचलेल्या पाठात राजाच्या स्वतःच्या गोठ्याचा उल्लेख नाही. गावचं सगळं दूध मागणाऱ्याच्या घरी गाई असणारच. त्यांच्या वासरांनी त्या सोमवारी काय प्यायलं? गाभारा भरण्याची इच्छा ज्याची, त्याच्या घरातून कितपत दूध आलं? म्हातारीनं हे विचारलं असतं असं मला वाटतं, पण तिनं अभय मागितलं होतं ते जेवढं बोलायचं होतं तेवढ्यापुरतंच.

त्या तरुण मित्राला म्हणून माझा एक गृहपाठ आहे. तो स्वतः एक कल्पित देश लिहितोय, मला त्याची काही पानं दाखवली. त्याच्या देशात पावसानंतरचा एक सण आहे, निळ्या धान्याची वडी आहे, वडीचं वर्णन सव्वा पानाचं आहे. वडी सुरेख आहे. मी त्याला एवढंच विचारलं की त्या दिवशी ज्या घरी निळं धान्य नाही त्या घरातलं पोर शेजारच्या दारात उभं राहून काय म्हणतं, आणि शेजारीण काय करते. तो म्हणाला, सर, तसं घरच नाहीये माझ्या देशात. म्हटलं, मग एक बांध.

तो आज आलाय, मागच्या रांगेत बसलाय, त्यामुळे त्याचं उत्तर त्यालाच विचारा. ध्वनिक्षेपक तिकडे द्या जरा.